दहापैकी नऊ

आइनोचा मेसेज आला त्या दुपारी उल्का इराला मांडीवर घेऊन चमच्याचमच्याने गार दूध पाजत होती. चाइल्डकेअरमध्ये हँड-फूट-माउथची साथ होती, इराच्या जिभेवर फोड आले होते आणि तीन दिवस घरात कुणी धड झोपलं नव्हतं. आइनो म्हणजे नणंदेच्या, ऋताच्या, स्वीडनमधल्या आइस हॉकी क्लबची गोलकीपर, मूळची फिनलंडची. ऋताच्या व्हिडिओ कॉलवर मागून हात हलवणारी, एवढीच ओळख. तिने उल्काचा नंबर कुठून मिळवला कोण जाणे. मेसेज इंग्रजीत आणि तुटक होता. ऋता रोज सकाळी तक्त्यात नऊ लिहिते. नोव्हेंबरात इथे कुणीच नऊ नसतं. ती फार विनोद करायला लागली की तिच्याकडे नीट बघ.

उल्काने एका हाताने उत्तर टाइप केलं, की आमची ऋता पहिल्यापासून हसरीच आहे, तू काळजी करू नकोस. वर एक अंगठा पाठवला आणि चमचा परत उचलला.

बाहेर पडल्यावर गॅस बंद केला की नाही हे बघायला लिफ्टमधून परत येणारी ही बाई. पर्समध्ये थर्मामीटर ठेवणारी. नवरा, सौमित्र, तिला आमचा सीसीटीव्ही म्हणायचा. इराच्या मोज्यातला सुटलेला धागा जिला खोलीच्या या टोकावरून दिसायचा, तिने हा मेसेज मात्र वाचून सोडून दिला. पुढे बरेच दिवस तिला स्वतःचा राग आला तो याच गोष्टीचा.

त्या तक्त्याचं असं होतं. ऋताच्या क्लबमध्ये रोज सकाळी प्रत्येक खेळाडूने एक आकडा लिहायचा. झोप, अंगदुखी, मन, सगळं मिळून आज दहापैकी किती. ही सवय ऋताने सिंगापूरमधल्या पुंगोलच्या या फ्लॅटमध्ये आणली ती इरा झाली त्या वर्षी. मोसम संपवून ती जूनमध्ये घरी आली होती आणि उठल्याउठल्या बेडरूमच्या दारात उभी राहून विचारायची, "वहिनी, आज किती?" उल्का सात म्हणायची, कधी आठ. जुलैतल्या एका सकाळी, इरा पाळण्यात रडत असताना आणि आपल्याला उठून तिच्यापर्यंत जाणं जमेल असं वाटत नसताना, तिच्या तोंडून "दोन" निघून गेलं. लगेच तिने ऋताला शपथ घातली की हे कुणाला सांगायचं नाही. ऋताने शपथ घेतली आणि दहा मिनिटांत सौमित्रला ऑफिसातून बोलावून घेतलं. त्याच दुपारी डॉक्टर, मग औषधं, मग दर गुरुवारी एका शांत बाईसमोर बसून बोलणं. ऋता ऑगस्टमध्ये स्वीडनला परत जाईपर्यंत उल्का तिच्याशी कामापुरतंच बोलली. डिसेंबरात कधीतरी तिला एके सकाळी इराच्या गालाचा वास आला आणि आपल्याला तो आवडला हे लक्षात आलं, तेव्हा तिने ऋताला फोन केला आणि नुसती रडली. ऋता म्हणाली, "किती?" उल्का म्हणाली, "सात. खरे सात."

तेव्हापासून तिकडची सकाळ झाली, म्हणजे इथली दुपार, की ऋताचा मेसेज यायचा. "आज किती? मी नऊ." उल्का आपला आकडा कळवायची. उलट विचारायचं तिला कधी सुचलं नाही. समोरची आधीच सांगून मोकळी व्हायची.

जानेवारीत ऋता दहा दिवसांसाठी आली. खांदा दुखावलाय, क्लबने विश्रांती दिलीय, मंगळवारी परत जायचंय, असं तिने सगळ्यांना सांगितलं. नेमकी संक्रांत होऊन गेली होती, तेव्हा आत्या घरात आहे तोवर इराचं बोरनहाण उरकून घ्यावं असं ठरलं. रविवारी सकाळीच मरीन परेडहून सासू-सासरे आले. मेधाताईंच्या हातात पुण्याहून मागवलेले हलव्याचे दागिने होते आणि शैलेंद्ररावांच्या हातात टेक्का मार्केटमधून आणलेली बोरं.

उल्काने बोरं हातात घेऊन बघितली. इथे मिळतात ती बोरं लिंबाएवढी असतात. ती तिने बाजूला सारली आणि द्राक्षांचे उभे चार-चार तुकडे करायला बसली.

"उल्का, बोरनहाणाला बोरंच नाहीत?" मेधाताईंनी विचारलं.

"आई, एवढं मोठं बोर डोक्यावर पडलं तर टेंगूळ येईल तिला."

"सौमित्रच्या डोक्यावर आम्ही चांगली पायलीभर ओतली होती."

"म्हणून तर तो आयटीत गेला," ऋता सोफ्यावरून म्हणाली. सगळे हसले, सौमित्रसुद्धा. शैलेंद्ररावांनी मात्र सुनेची बाजू घेतली. लहान मुलाचं डोकं आहे, उगाच खेळ कशाला, असं म्हणून त्यांनी बोरांची पिशवी उचलून फ्रिजमध्ये ठेवून दिली.

ऋताने घरात गॉगल लावला होता. समोरच्या उंच रुळांवरून एलआरटीची गाडी गेली की गाडीच्या काचांवर चमकणारं ऊन भिंतीवर सरकायचं, आणि तेवढ्यापुरती ऋता मान फिरवायची. पडदा ओढू का विचारलं तर म्हणाली, राहू दे, स्वीडनमध्ये ऊन बघायला मिळत नाही, साठवून घेते. पाहुणे किती वाजता येणार हे तिने विचारलं. साडेदहाला, उल्काने सांगितलं. कुरमुऱ्यांत तिळाच्या रेवड्या मिसळताना तिने ते परत विचारलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा उल्काने सुरी खाली ठेवली आणि तिच्याकडे बघितलं. ऋताने जीभ बाहेर काढून दाखवली.

मेधाताई मुलीला निरखत होत्या, पण वेगळ्याच डोळ्यांनी. वीस वर्षं त्यांनी या खेळावर राग धरला होता. ऋता सात वर्षांची असताना शैलेंद्रराव तिला जुराँगच्या बर्फाच्या रिंकवर घेऊन गेले, तिथपासून. दर शनिवारी बापलेक पहिली बस पकडून बेटाच्या या टोकावरून त्या टोकाला जात, आणि परत आल्यावर ते घामाने भिजलेलं सामान बाल्कनीत वाळत पडे. इथल्या दमट हवेत ते कधी वाळतच नसे. शेजारच्या बाईंनी वासाची तक्रार केली तेव्हा मेधाताईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं. महाराष्ट्र मंडळाच्या गणपतीत कुणी विचारलं की त्या सांगायच्या, मुलगी स्पोर्ट्स मॅनेजमेंटमध्ये आहे. पहिला व्यावसायिक करार झाला त्या दिवशी त्या म्हणाल्या होत्या, डोकं फुटून घरी येशील तेव्हा माझ्याकडे येऊ नकोस. आणि मग, कधी ते कुणालाच नीट सांगता आलं नसतं, पण त्या बदलल्या. क्लबच्या सामन्यांचं थेट प्रक्षेपण लॅपटॉपवर लावून बसायला लागल्या. सामना संपल्यावर ऋताचा कॉल आला की मुठीत मीठमोहरी घेऊन तिच्या स्क्रीनवरच्या चेहऱ्यावरून उतरवायच्या. ऋता तिकडे हेल्मेट काढून, घामेजलेल्या केसांनी, डोळे मिटून गप्प बसायची.

गेले दोन महिने ऋता डोकं दुखतं म्हणायची. मेधाताई म्हणायच्या, लागली कुणाची तरी, आणि दुप्पट मीठ घ्यायच्या. पिशवी संपत आली की शैलेंद्रराव फेअरप्राइसमधून मिठाची नवी आणायचे. यापलीकडे कुणी काही केलं नाही. उल्कानेही नाही.

साडेदहाला ब्लॉकमधली मुलं जमली. त्यांत मैत्रेयी होती, दहा वर्षांची, वरच्या मजल्यावरची. ऋतामुळे तिने हॉकी सुरू केली होती आणि आज ती सही घ्यायला स्वतःची स्टिक घेऊन आली होती. इराला काळं झबलं आणि हलव्याचा मुकुट घालून पाटावर बसवलं. ती मुकुटाचा एक दाणा चाटून बघत होती. आधी मेधाताईंनी ओवाळलं, मग आत्या म्हणून ऋताने स्टीलचं पातेलं उचललं आणि इराच्या डोक्यावरून कुरमुरे, रेवड्या, द्राक्षं, मार्शमेलो असं सगळं ओतलं. इरा आधी दचकली, मग खदखदून हसली. मुलं ओरडत जमिनीवर तुटून पडली. कुणीतरी विचारलं, "आंटी, कॅन टेक ऑर नॉट?" आणि मैत्रेयीच परस्पर म्हणाली, "कॅन, कॅन, ऑल कॅन ला." रिकामं पातेलं कुणाचा तरी धक्का लागून टाइल्सवर पडलं आणि गरगरत राहिलं.

ऋता मुलांबरोबर वेचायला खाली वाकली होती. त्या आवाजासरशी तिने दोन्ही तळवे जमिनीवर टेकले आणि तशीच राहिली. बोटं पसरलेली, जणू जमीन कलतेय आणि ती धरून ठेवायचीय. तिचा चेहरा कुरमुऱ्यांसारखा पांढरा झाला. मग तिने मान वर केली.

"बर्फावर मला कुणी पाडू शकत नाही," ती म्हणाली. "कुरमुऱ्यांनी पाडलं."

सगळे हसले. मैत्रेयीने स्टिक पुढे करत विचारलं की तुला खेळताना कधीच लागत नाही हे खरं का. ऋता म्हणाली, "नेव्हर." आणि सही केली. सही करताना तिने एक डोळा मिटून घेतला होता.

ती फार विनोद करायला लागली की तिच्याकडे नीट बघ.

उल्काच्या हातातला तिळगुळाचा डबा तसाच राहिला. सकाळपासूनचे विनोद तिने मनात मागे नेत पाहिले. एकही विनोद नुसता नव्हता. प्रत्येकाच्या मागे काहीतरी लपवलेलं होतं, खुपणारं ऊन, विसरलेली वेळ, गेलेला तोल.

पाहुणे तिळगूळ घेऊन पांगले तेव्हा ऋता कुठे दिसेना. सौमित्र म्हणाला, खाली फिरायला गेली असेल. पण तिच्या चपला दारातच होत्या. उल्काने दोन्ही बेडरूम बघितल्या, बाल्कनी बघितली. मग तिला शेल्टरचं दार किंचित उघडं दिसलं. इथल्या प्रत्येक फ्लॅटमध्ये युद्धबिद्ध झालंच तर लपायला म्हणून पोलादी दाराची, बिनखिडकीची एवढीशी खोली असते. लोक तिथे तांदूळ ठेवतात. आत, इराच्या स्ट्रोलरच्या आणि दिवाळीच्या आकाशकंदिलाच्या मधल्या जागेत, ऋता जमिनीवर बसली होती. दिवा बंद होता.

उल्का आत जाऊन तिच्याशेजारी तांदळाच्या पोत्याला टेकून बसली. इथे बाहेरचा आवाज अजिबात येत नव्हता.

"आज किती?" उल्काने विचारलं.

"नऊ."

"ऋता."

"सांगितलं ना, नऊ."

"तू मला विचारलं होतंस तेव्हा मीसुद्धा महिनाभर सात म्हणत होते."

अंधारात ऋताचा श्वास ऐकू येत होता. मग ती म्हणाली, "चार. सकाळी पाच होते. पातेलं पडल्यावर चार."

मग सगळं बाहेर आलं. ऑक्टोबरात एका सामन्यात ती मागून धक्का लागून रिंकच्या कडेच्या फळ्यांवर डोक्याने आपटली होती. मोसमाच्या आधी क्लब प्रत्येकीची एक चाचणी घेतो. शब्द लक्षात ठेवायचे, आकडे उलटे म्हणायचे, डोळे मिटून एका पायावर उभं राहायचं. डोक्याला मार बसला की तीच चाचणी परत द्यायची आणि आधीइतके गुण पडले तर खेळायची परवानगी मिळते. ऋताने ऑगस्टमध्येच मुद्दाम चुका करून ठेवल्या होत्या, म्हणजे पुढे कधी मार बसला तरी तेवढे गुण सहज पडावेत. खेळाडू करतात असं, ती म्हणाली, सगळ्या नाही, पण करतात. ऑक्टोबरात ती अशी उत्तीर्ण झाली आणि तिसऱ्या दिवशी बर्फावर उतरली. नोव्हेंबरात परत आपटली. त्या वेळी तिने कुणाला सांगितलंच नाही, खांद्याचं कारण पुढे केलं. फक्त आइनोला संशय होता. ऋता एकदा सामना संपल्यावर चुकीच्या टीमच्या खोलीत शिरली होती.

"आणि मंगळवारी जाऊन परत खेळणार?"

"शुक्रवारी सामना आहे. मार्चमध्ये करार संपतोय, वहिनी. मी आता बसले तर पुढच्या वर्षी मला कोण घेईल? सिंगापूरची मुलगी कुठल्या यादीत असते?"

"परत आपटलीस तर?"

ऋताने स्ट्रोलरचं चाक बोटाने फिरवलं. मग, खूप हळू, म्हणाली, "वीस वर्षं आई म्हणत होती डोकं फुटेल. आता कुठे ती माझा सामना बघायला बसते. तिला जाऊन सांगू, की तुझंच बरोबर होतं?"

उल्काला आता कळलं की तिचा खरा धाक कराराचा नव्हता. ऋताने तिचा हात धरला आणि म्हणाली, हे तुझ्या-माझ्यातच राहू दे, तुला इराची शपथ.

उल्काने हात सोडवून घेतला नाही. "तूही घेतली होतीस शपथ," ती म्हणाली. "दहा मिनिटं टिकली. त्या दहा मिनिटांमुळे मी आज बोरनहाण करतेय." ती उठली. "माझ्याशी महिनाभर बोलू नकोस, चालेल मला. पण चल बाहेर. तू सांगतेस की मी सांगू?"

जेवणाच्या टेबलावर गुळपोळ्या गार होत होत्या. ऋताने तोंड उघडलं आणि विनोद करायला घेतला. उल्काने नुसतं तिच्याकडे बघितलं. मग ऋताने सांगितलं, तुपाच्या वाटीकडे बघत, एका दमात. त्यामागोमाग उल्काने आइनोच्या मेसेजचंही सांगून टाकलं.

पहिल्यांदा सौमित्र बोलला, आणि बायकोवर चिडून. नोव्हेंबरात तुला मेसेज आला होता आणि तू मला बोलली नाहीस, हे काय आहे. उल्का म्हणाली, चुकले. शैलेंद्ररावांनी ताट सरकवलं. दर शनिवारी तिच्या सामानाची सहा किलोची बॅग स्वतःच्या खांद्यावर वाहून नेणारा माणूस, त्यांनी दोन्ही हात टेबलावर ठेवले आणि सांगितलं की आता पुरे, खेळ बंद, क्लबला आजच कळवून टाक. नातीच्या डोक्यावर मी बोर पडू दिलं नाही आणि मुलीला फळ्यांवर आपटायला मीच नेलं, असंही ते म्हणाले, पण ते कुणाला उद्देशून नव्हतं. सौमित्रने बाबांना दुजोरा दिला. दोघं पुरुष एका बाजूला झाले आणि ऋता भिंतीला टेकल्यासारखी खुर्चीत मागे सरकली.

सगळे मेधाताईंच्या बोलण्याची वाट बघत होते. त्या इराच्या मुकुटातून निखळलेला हलव्याचा दाणा बोटाने टेबलावर फिरवत होत्या.

"मीठ उतरवत राहिले," त्या शेवटी म्हणाल्या. "दुप्पट. डॉक्टरकडे जा म्हणायचं सुचलं नाही मला."

"आई, तुझं बरोबर होतं," ऋता म्हणाली. "पहिल्यापासून."

"मला बरोबर ठरायची हौस नाही." मेधाताईंचा आवाज नेहमीसारखाच कोरडा होता, फक्त दाण्यावरचं बोट थांबलं होतं. "उद्या सकाळी डॉक्टरकडे जायचं. क्लबला खरं काय ते आज कळवायचं, ऑगस्टच्या चाचणीसकट. मंगळवारचं तिकीट रद्द. आणि पुढे खेळायचं की नाही, ते बरी झाल्यावर ती ठरवेल." त्या नवऱ्याकडे वळल्या. "तुम्ही नाही, आणि मीही नाही. तिला बर्फावर नेताना तुम्ही मला विचारलं होतं का?"

शैलेंद्ररावांना हसू आवरलं नाही. डोळे पुसत ते हसले आणि गुळपोळीचं ताट परत पुढे ओढलं. ज्या बाईने वीस वर्षं हा खेळ तोडायचा प्रयत्न केला, तिने आज तो मुलीसाठी राखून ठेवला होता.

दुपारी ऋताने क्लबला फोन केला. पडदे ओढलेल्या खोलीत, उल्का शेजारी बसलेली. पलीकडच्या बाईंचा आवाज आधी कडक झाला, मग मऊ. या मोसमात तू बर्फावर उतरणार नाहीस, त्या म्हणाल्या, आणि फोन केलास म्हणून थँक यू. पुढच्या कराराबद्दल त्या काही बोलल्या नाहीत आणि ऋतानेही विचारलं नाही. त्यानंतर उल्काने आइनोला लिहिलं, नोव्हेंबरात तू सांगत होतीस ते मी ऐकलं नाही, मला माफ कर. तिकडून लगेच एक अंगठा आला. मग थोड्या वेळाने तिघींचा जुना फोटो, ऋता, आइनो आणि कुणीतरी तिसरी, बर्फात हेल्मेट उलटी घालून.

निघायच्या आधी मेधाताईंनी मुठीत मीठमोहरी घेतली. ऋता म्हणाली, आई, आता कशाला. त्या म्हणाल्या, सवय आहे, आणि या वेळी मध्ये काच नाही. ऋता पाटावर बसली, सकाळी इरा बसली होती त्याच. तिने डोळे मिटले. मेधाताईंनी उतरवून झाल्यावर मूठ सिंकमध्ये रिकामी केली आणि मग तोच हात मुलीच्या डोक्यावर ठेवला, इतका अलगद, की जणू टाळू भरायचीय.

ऋता उल्काशी महिनाभर अबोला धरणार होती. तो चार दिवस टिकला. पाचव्या दिवशी तिने मैत्रेयीला बोलावून सांगितलं की ते नेव्हर खोटं होतं, आणि लागलं की कुणाला, केव्हा, काय सांगायचं ते कागदावर लिहून दिलं. त्या दिवशी तिने सहा सांगितले. डॉक्टर म्हणतात वेळ लागेल. आकडा कधी पाच असतो, एकदा तर तीन होता. पण तो खरा असतो, आणि उल्का रोज सकाळी तो ऐकून मनात कुणाचे कुणाचे आभार मानते: आइनोचे, त्या गुरुवारच्या शांत बाईंचे, आणि मोडल्या गेलेल्या दोन शपथांचे.

आता उल्काचं तुमच्याकडे एक मागणं आहे. तुमच्या ओळखीतही कुणीतरी असेल, कधीच न कुरकुरणारं, विचारायच्या आधीच मजेत आहे म्हणून सांगून टाकणारं, सगळ्यांना हसवणारं. हे पान मिटायच्या आधी त्या माणसाला फोन करा. आज दहापैकी किती, एवढंच विचारा. नऊ म्हणाले तर लगेच ठेवू नका. थोडं थांबा, आणि परत एकदा विचारा.